करोनोत्तर निद्रानाश : काही अनुभव, काही विचार

(मंडळाच्या वार्षिक संमेलनात केलेले भाषण. वक्त्यांनी ते नंतर लिहून दिले.)



आपल्या वार्षिक संमेलनात आरोग्याच्या विषयावर एखादे भाषण व्हावे, हा प्रघात जुना आहे. मधुमेह, रक्तदाब, मुलांचे लसीकरण, म्हातारपणीचे गुडघे अशा विषयांवर या व्यासपीठावरून तज्ज्ञांनी आपणांस आजवर बहुमोल माहिती दिलेली आहे. मी तज्ज्ञ नव्हे. छत्तीस वर्षे तालुक्याच्या गावी दवाखाना चालविलेला मी एक साधा डॉक्टर आहे, व आता तोही चिरंजिवांच्या हाती सोपवून मोकळा झालो आहे. चिटणीसांचे पत्र आले तेव्हा नकारच कळवावयाचा, असे मनात होते. परंतु गेल्या वर्षीच्या संमेलनातील एक गोष्ट आठवली आणि विचार बदलला.

गेल्या वर्षी भोजनाच्या वेळी पाच जणांनी मला निरनिराळे गाठून, हात धरून, मांडवाच्या कडेला नेले. त्यांत एक निवृत्त मुख्याध्यापक होते, एक तरुण अभियंता होता, दोन गृहिणी होत्या, आणि आमच्याच पंक्तीला आग्रहाने जिलेबी वाढणारे एक गृहस्थ होते. प्रत्येकाचे म्हणणे एकच : "डॉक्टर, करोना होऊन गेला तेव्हापासून झोप म्हणून नाही." आणि प्रत्येकाने शेवटी आवाज उतरवून तीच विनंती केली, की हे कोणाजवळ बोलू नका. यांपैकी दोघे परस्परांचे मेहुणे लागतात. एकाचे दुःख दुसऱ्यास ठाऊक नव्हते, आणि दोघेही शेजारी बसून जेवले.

जे पाच जण कानात सांगतात ते पन्नास जणांच्या मनात असले पाहिजे, असा माझ्या धंद्यातील अनुभव आहे. म्हणून कानातली गोष्ट आज ध्वनिक्षेपकावरून बोलावयाची, असे मी ठरविले. नावे अर्थातच कोणाची घेणार नाही. एक अपवाद आहे, तो माझा स्वतःचा. आणि माझे नाव कार्यक्रमपत्रिकेवर छापलेलेच आहे.

करोनाचे नाव काढले की आता लोक कंटाळतात, हे मी जाणतो. मार्च २०२० मध्ये टाळेबंदी झाली, २०२१ च्या एप्रिल-मे महिन्यांत दुसऱ्या लाटेने घरेच्या घरे हादरविली, आणि ५ मे २०२३ रोजी जागतिक आरोग्य संघटनेने आणीबाणी संपल्याचे जाहीर केले. आपल्या २०२१ च्या स्मरणिकेतील श्रद्धांजलीची पाने ज्यांनी उलटली असतील त्यांना ती संख्या पुन्हा सांगण्याची आवश्यकता नाही. गेलेल्यांचे दुःख आपण केले. उरलेल्यांपैकी कित्येकांची रात्र मात्र अजून संपलेली नाही, त्याविषयी बोलावयाचे आहे.

हे एकट्यादुकट्याचे गाऱ्हाणे नव्हे. चीनमधील वूहान शहरी, जेथे या रोगाचा प्रथम उद्भव झाला, तेथील एका रुग्णालयातून बरे होऊन घरी गेलेल्या १७३३ रुग्णांची सुमारे सहा महिन्यांनी तपासणी करण्यात आली. तिचा वृत्तांत जानेवारी २०२१ मध्ये 'लॅन्सेट' या नियतकालिकात आला. थकवा किंवा स्नायूंची दुर्बलता निम्म्याहून अधिक जणांत होती, आणि झोपेची तक्रार २६ टक्क्यांत. म्हणजे चारांत एकाला, तीही सहा महिन्यांनंतर. रोग अंगात असतानाची स्थिती याहून वाईट असते. पुढे अनेक देशांतील अभ्यासांची एकत्र गणती झाली, तीत करोना झालेल्यांपैकी सुमारे निम्म्यांना झोपेचा काही ना काही विकार आढळला. तेव्हा आपल्या मांडवातील पाच जणांनी एवढे ओशाळण्याचे कारण नव्हते.

प्रथम दुखण्यात काय होते ते पाहू. ताप चढला की सुरुवातीस माणूस गुंगतो. आपले आयुर्वेदाचे ग्रंथकार हे जाणत होते. चरकसंहितेत निद्रेचे जे प्रकार सांगितले आहेत त्यांत 'व्याध्यनुवर्तिनी' म्हणजे रोगामागून येणारी निद्रा स्वतंत्र मोजली आहे. अर्वाचीन शास्त्र सांगते की जंतूंशी झुंजताना शरीर रक्तात जी द्रव्ये सोडते त्यांतील काहींच्या अंगी झोप आणण्याचाच गुण आहे. शरीर आपल्या धन्याला निजवून ठेवते आणि आपण लढते, असे म्हणता येईल. परंतु ही झोप सलग नसते. ताप तिचे तुकडे करतो, स्वप्नांचा भाग विस्कळीत होतो, आणि उठल्यावर विश्रांतीचे समाधान नसते. करोनात त्यावर खोकला, धाप, पालथे निजण्याची सक्ती, आणि बोटाला लावावयाचे ते यंत्र यांची भर पडली. रात्री दर दोन तासांनी आपण आपल्या माणसाला हलवून जागे केले आणि आकडा पाहिला. ते आवश्यक होते. परंतु रुग्णाच्या मेंदूने त्यातून एक धडा घेतला : निजणे धोक्याचे आहे, कोणी तरी पाहत राहिले पाहिजे.

आणखी एक कारण फारसे कोणाला सांगितले गेले नाही. जून २०२० मध्ये इंग्लंडातील मोठ्या प्रयोगावरून असे सिद्ध झाले, की डेक्सामेथासोन या जुन्या आणि स्वस्त स्टिरॉइडने प्राणवायू लागणाऱ्या रुग्णांतील मृत्यू कमी होतात. त्या औषधाने असंख्य जीव वाचले. माझाही त्यांत असावा. परंतु झोप उडविणे हा त्या औषधाचा ठाऊक असलेला दोष आहे. ते शक्यतो सकाळी द्यावे, असा आमचा नियम. त्या गर्दीत कोणी कोणाला केव्हा दिले, याचा हिशेब कोण ठेवणार? पुष्कळ रुग्णांना वाटले की आपल्याला वेड लागत आहे. वस्तुतः तो औषधाचा प्रताप होता, व औषध बंद झाल्यावर त्यांतील बऱ्याच जणांची रात्र ताळ्यावर आली.

आता माझी हकीकत. एप्रिल २०२१ च्या तिसऱ्या आठवड्यात मला ताप आला, आणि पाचव्या दिवशी प्राणवायूचे प्रमाण ९१ वर उतरले. जिल्ह्याच्या ठिकाणी एका रुग्णालयात खाट मिळाली, हे माझे भाग्य. त्या आठवड्यात ती न मिळालेले माझ्या ओळखीचे तिघे होते. अकरा दिवस तेथे काढले. दिवे चोवीस तास जळत, यंत्रांचे आवाज थांबत नसत, दिवस कोणता नि रात्र कोणती ते जेवणाच्या डब्यावरून ओळखावयाचे. सहाव्या रात्री शेजारच्या खाटेवरील गृहस्थ गेले. आदल्या सायंकाळी त्यांनी मला आपल्या नातीचा फोटो दाखविला होता. कापडी पडदा ओढला गेला तेव्हा भिंतीवरील घड्याळात तीन वाजून दहा मिनिटे झाली होती. तेव्हापासून सुमारे पाच महिने, मी कोठेही निजलो असलो तरी, तीनच्या सुमारास माझे डोळे उघडत.

मेच्या पहिल्या आठवड्यात घरी आलो. ताप गेला, धाप कमी झाली, जिभेला चवही आली. झोप आली नाही. अंथरुणाला पाठ लागताच छाती धडधडू लागे. येथे मला एक कबुलीही द्यावयाची आहे. १९९८ च्या सुमारास माझ्या दवाखान्यात एक शिक्षिका येत. विषमज्वरानंतर त्यांची झोप गेली होती. मी त्यांना प्रत्येक वेळी म्हणे, "बाई, काही झालेले नाही, मनावर घेऊ नका." त्या तीन वेळा आल्या, चौथ्यांदा आल्या नाहीत. त्या बऱ्या झाल्या म्हणून आल्या नाहीत, असे मी तेवीस वर्षे समजत होतो. २०२१ च्या जून महिन्यात, पहाटे साडेतीन वाजता, ओसरीवर बसलो असता मला त्या आठवल्या.

रोगाने झोप जाणे ही गोष्ट नवी नव्हे. पहिल्या महायुद्धाच्या काळात युरोपात मेंदूच्या एका विलक्षण दुखण्याची साथ आली होती. व्हिएन्नातील कॉन्स्टान्टिन फॉन इकोनोमो या वैद्याने १९१७ साली तिचे वर्णन प्रसिद्ध केले. त्यातील बहुतेक रुग्ण दिवसेंदिवस निद्रिस्त असत. परंतु काही थोड्यांची गत उलट होई, त्यांना झोपच येत नसे. या दोन्ही प्रकारच्या रुग्णांचे मेंदू मरणोत्तर तपासून फॉन इकोनोमोने पाहिले, की मेंदूच्या तळाशी एका लहानशा भागाच्या मागील बाजूस इजा असेल तर माणूस झोपाळतो, आणि पुढील बाजूस असेल तर जागा राहतो. झोप म्हणजे नुसते थकून पडणे नव्हे. ती आणणारी आणि मोडणारी निरनिराळी ठाणी मेंदूत आहेत, हे ज्ञान बऱ्याच अंशी त्या दुर्दैवी लोकांनी आपणांस दिले. पुढील संशोधनाने त्यास पुष्टी मिळाली. करोना म्हणजे तो रोग नव्हे, हे स्पष्ट सांगतो. उगाच कोणी घाबरू नये. परंतु संसर्ग आणि निद्रा यांचे नाते शरीराच्या घडणीतच आहे, ते रुग्णाच्या भित्रेपणातून निघालेले नाही, एवढे यावरून घ्यावे.

मग रोग गेला तरी झोप का परतत नाही? मला हे सर्वांत उत्तम रीतीने समजले ते आर्थर स्पीलमन या अमेरिकन मानसशास्त्रज्ञाने १९८७ साली मांडलेल्या एका उपपत्तीवरून. तो म्हणतो, कारणे तीन थरांची असतात. काहींची झोप मुळातच हलकी असते, हा पहिला थर. दुखणे, मृत्यू, नोकरी जाणे यांसारखा आघात होतो, हा दुसरा. आणि तिसरा थर म्हणजे गेलेली झोप परत मिळविण्यासाठी माणूस जे जे उपाय करतो ते! आघात ओसरतो, पण उपाय चालू राहतात, आणि तेच पुढे रोगाला पोसतात.

माझे उपाय पाहा. रात्री झोप नाही म्हणून मी नऊ वाजताच अंथरूण धरी, म्हणजे अधिक वेळ मिळेल. परिणामी दहा तास खाटेवर, त्यातील साडेचार तास झोप, आणि बाकीचा वेळ कूस बदलण्यात व घड्याळ पाहण्यात. खाट ही निजण्याची जागा राहिली नाही, ती काळजी करण्याची बैठक झाली. दुपारी डोळे मिटत म्हणून दोन दोन तास पडावयाचे. आपली वामकुक्षी ही वीस मिनिटांची गोष्ट आहे, तिची मी रात्र करून टाकली. अशक्तपणा म्हणून घराबाहेर पडावयाचे नाही, त्यामुळे डोळ्यांवर सकाळचे ऊन नाही. आपल्या शरीरात एक घड्याळ आहे, आणि ते रोज सकाळच्या उजेडाने लावले जाते. पेशींमध्ये ते कसे चालते याचा शोध लावणाऱ्या हॉल, रॉसबॅश व यंग या तिघा शास्त्रज्ञांना २०१७ चे नोबेल पारितोषिक मिळाले. ज्या माणसाने तीन आठवडे पडदे ओढलेल्या खोलीत काढले त्याचे घड्याळ कोण लावणार? शिवाय तरतरी यावी म्हणून सायंकाळी पाचला चहा. चहातील उत्तेजक द्रव्याचा निम्मा अंश शरीरातून जावयास सुमारे पाच तास लागतात, हे मी विद्यार्थ्यांना शिकविले होते. स्वतःच्या कपाच्या वेळी ते आठवले नाही.

आणि शेवटी गोळ्या. येथे मला जरा थांबले पाहिजे.

दवाखान्याच्या कपाटात अल्प्राझोलामच्या गोळ्या होत्या. पहिल्या रात्री पाव मिलिग्रॅम घेतली. सात तास झोप लागली. सकाळी उठून मी देवाला नमस्कार केला. तीन आठवड्यांत पावाचे अर्धे झाले, कारण पावाने भागेना. जुलै संपेतो त्या गोळीवाचून रात्र जात नव्हती, आणि तिच्यासह जाई तीही बरी जात नव्हती. दुपारी रुग्णांची नावे आठवेनात. एके पहाटे न्हाणीघराच्या उंबऱ्याला अडखळलो आणि मनगट मोडून घेतले. प्लास्टर घालून घरी आल्यावर चिरंजिवांनी कपाट उघडले, रिकामी पाकिटे टेबलावर मांडली आणि एवढेच विचारले, "बाबा, हे दुसऱ्या कोणाच्या टेबलावर दिसले असते तर तुम्ही काय म्हणाला असता?"

त्याने मला मानसोपचारतज्ज्ञाकडे नेले. छत्तीस वर्षे दुसऱ्यांना "त्यात लाजण्यासारखे काय आहे" असे सांगणारा मी, त्या दिवशी तेथील बाकावर मान खाली घालून बसलो होतो. मुखपट्टीचा मला प्रथमच आनंद झाला. कोणी ओळखले नसते.

या वर्गातील गोळ्यांविषयी स्पष्ट बोलतो. त्या विष नव्हेत. एखाद्या भयंकर आठवड्यात, योग्य डॉक्टरने, मोजक्या दिवसांकरिता दिल्यास त्यांचा उपयोग होतो. परंतु आठवड्यांमागून आठवडे घेतल्यास शरीर त्यांना सरावते, त्या सोडवत नाहीत, आणि साठीपुढील माणसाला त्या पाडतात. मांडीचे हाड मोडले की पुढचे पुराण आपणांस ठाऊक आहे. कायद्याने त्या डॉक्टरच्या चिठ्ठीवाचून विकता येत नाहीत, औषधविक्रेत्याने त्यांची नोंद ठेवावयाची असते. तरीही शेजारणीच्या डब्यातून, भावजयीच्या पर्समधून त्या फिरतात, हे मी पाहिले आहे. आणि जे आज घेत आहेत त्यांनी माझे भाषण ऐकून उद्या सकाळी त्या एकदम फेकून देऊ नयेत, हे हात जोडून सांगतो. दीर्घकाळ घेतलेली अशी गोळी अचानक तोडल्यास झटकेही येऊ शकतात. ती डॉक्टरच्या देखरेखीखाली थोडी थोडी उतरवावी लागते. माझी उतरावयास दहा आठवडे लागले. दारूचीही गत तीच : ती डोळा लावते आणि मध्यरात्रीनंतर मोडते. याहून अधिक त्या विषयावर या मांडवात बोलत नाही. ज्यांना कळावयाचे त्यांना कळले.

मग उपाय कोणता? जो उपाय मला लागू पडला तो माझा शोध नव्हे. निद्रानाशावर प्रथम गोळ्या न देता हा वर्तनोपचार द्यावा, अशी शिफारस अमेरिकेतील वैद्यांच्या महाविद्यालयाने २०१६ साली केलेली आहे. सांगावयास तो अगदी सोपा, करावयास कठीण.

मला सांगण्यात आले, की तुमची झोप पाच-सव्वापाच तासांची आहे, तर खाटेवर सहाच तास राहा. रात्री साडेअकराच्या आत आडवे व्हावयाचे नाही, आणि पहाटे साडेपाचला, झोप लागली असो वा नसो, उठावयाचे. सणवार, रविवार, पाहुणे, काही सबब नाही. खाट फक्त निजण्यासाठी. वर्तमानपत्र, मोबाइल, जमाखर्च, नातवाशी गप्पा सर्व खाटेखाली. पंधरा-वीस मिनिटांत डोळा लागला नाही असे वाटले, तर उठून दुसऱ्या खोलीत मंद दिव्याखाली काहीतरी नीरस करीत बसावयाचे, आणि पापण्या जड झाल्या म्हणजे परतावयाचे. मी मंडळाचे जुने अहवाल वाचीत असे. (चिटणीसांनी राग मानू नये, दोन वर्षांच्या ताळेबंदाने जे काम केले ते अल्प्राझोलामने केले नसते.) घड्याळ भिंतीवरून उतरविले. सकाळी उठल्याबरोबर अर्धा तास अंगणात उन्हात. चहा दुपारच्या जेवणापर्यंत. वामकुक्षी वीस मिनिटे, खुर्चीत, तीनच्या आत. आणि सायंकाळी सहा वाजता वहीत काळज्या लिहून काढावयाच्या, म्हणजे रात्री त्या उजळणीस येत नाहीत. ही शेवटची युक्ती मला बालिश वाटली होती. सर्वांत अधिक उपयोग तिचा झाला.

पहिले दोन आठवडे नरक होता, हे लपवीत नाही. दिवसभर डोळ्यांपुढे अंधारी. त्या काळात मी वाहन चालविले नाही, व कोणीही चालवू नये. रोजची झोप दिनदर्शिकेच्या चौकटीत लिहीत असे. तिसऱ्या आठवड्यात एका चौकटीत 'सलग चार' असे लिहिले आहे, त्याखाली पत्नीने पेन्सिलीने लहानशी रांगोळी काढली आहे. झोप सलग होऊ लागली तशी खाटेवरची वेळ पंधरा पंधरा मिनिटांनी वाढविली. ऑक्टोबरात तीन वाजताचे जागे होणे बंद झाले, म्हणजे रोजचे बंद झाले. अजून महिन्यातून एखाददुसरे वेळी होते. मी उठतो, पाणी पितो, त्या गृहस्थांच्या नातीची आठवण होते, आणि पुन्हा निजतो.

हा उपचार सर्वांनी डोळे मिटून करावयाचा नाही. ज्यांना फिट येते, किंवा ज्यांना उन्माद आणि औदासीन्य आळीपाळीने येण्याचा विकार आहे, त्यांनी झोपेचे तास स्वतः होऊन कमी करू नयेत. आणखी एका गोष्टीत आम्हां डॉक्टरांच्याही चुका झाल्या. "दिवसभर भरपूर चाला, दमलात की झोप येईल," असा सल्ला सर्रास दिला गेला. परंतु करोनानंतर काही रुग्णांत असे आढळते, की थोडे जरी अधिक श्रम झाले तरी दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी ते पार कोसळतात. त्यांना दमविणे म्हणजे त्यांचे दुखणे वाढविणे होय. त्यांनी आपली शक्ती कंजुषाप्रमाणे खर्चावी. घरच्यांनी त्यांना आळशी म्हणू नये.

प्रत्येक जागी रात्र म्हणजे निद्रानाशच, असेही नव्हे. जो मोठ्याने घोरतो, मधेच श्वास अडकून दचकतो आणि दिवसा बसल्या बसल्या पेंगतो, त्याला वेगळा विकार असण्याचा संभव आहे. त्याची झोपेत तपासणी करावी लागते, आणि झोपेच्या काही गोळ्या त्याला अपायकारक ठरू शकतात. रात्री पायांत वळवळ होऊन ते हलविल्यावाचून राहवत नसेल तर रक्तातील लोह पाहावे. आपल्या भगिनींत लोहाची कमतरता किती आहे हे सांगावयास नको. वारंवार लघवीला उठावे लागत असेल तर साखर पाहावी. स्टिरॉइडनंतर मधुमेह पुष्कळांत उघडकीस आला. छातीत धडधड, हातांना कंप, वजन घटणे असे असेल तर थायरॉइड. आडवे झाले की धाप लागत असेल तर वेळ न घालविता डॉक्टर गाठावा. रुग्णालयातील देखावे स्वप्नात येऊन माणूस घामाघूम होऊन उठत असेल, अथवा जगण्याची इच्छाच उरली नसेल, तर ते मनाचे दुखणे आहे व त्यावर उपचार आहे. केंद्र सरकारने ऑक्टोबर २०२२ पासून 'टेलि-मानस' नावाची दूरध्वनी-सेवा चालविली आहे. क्रमांक १४४१६, पैसे पडत नाहीत, मराठीत बोलता येते. कृपया क्रमांक लिहून घ्या.

आता ज्या कारणाने मी हा विषय आपल्या ज्ञातिबांधवांपुढे मांडावयाचे ठरविले, ते सांगतो. वैद्यकीय परिषदेत ते बोलून उपयोग नव्हता.

आपल्यापैकीच एका घरातील मुलगी परिचारिका आहे. २०२० आणि २०२१ ही दोन्ही वर्षे तिने करोनाच्या कक्षात काढली. तिची झोप गेली. तज्ज्ञाने उपचार सुरू केला, तिला गुण येऊ लागला. इतक्यात स्थळे पाहण्यास आरंभ झाला. आईने चिठ्ठी कपाटात कुलूप लावून ठेवली, वडील औषधे आणावयास पंचवीस मैलांवरच्या गावी जाऊ लागले, आणि मुलीला सांगण्यात आले की आता तज्ज्ञाकडे जाणे पुरे. 'डोक्याच्या डॉक्टरकडे जाते' हे बाहेर फुटले तर धाकटीचेही लग्न अडेल. तिचे उपचार तुटले आणि गोळ्या मात्र वाढल्या. ती माझ्याकडे आली तेव्हा माझ्या त्या जुलैच्या अवस्थेत होती. हे मी तिच्या अनुमतीने सांगत आहे. ती म्हणाली, "काका, नाव सोडून सगळे सांगा."

पुढे सर्व गोड झाले असे नाही. तिने एका स्थळाला आपण होऊन खरे सांगितले, आणि ते स्थळ मोडले. तिचे आईवडील माझ्याशी अजून मोजकेच बोलतात. ती उपचार पुन्हा घेऊ लागली, आता नीट झोपते, व कामावर जाते.

बंधुभगिनींनो, आपल्या वधूवर सूचक मंडळाचा अर्ज मी पाहिला आहे. त्यात 'पूर्वीचे आजार' असा रकाना आहे. न्यूमोनिया झाला होता असे त्यात कोणी लिहिले तर आपण विचारतो, आता बरा आहे ना? झोपेचा उपचार घेतला होता असे लिहिले तर आपण पुढचे पान उलटतो. रुग्णांची सेवा करताना जिची झोप गेली तिला आपण हा न्याय देतो, आणि त्याच वर्षीच्या स्मरणिकेत 'करोना योद्धा' म्हणून तिचा फोटोही छापतो. दोन्ही कागद एकाच कचेरीतून निघतात. कार्यकारिणीपुढे मी रीतसर सूचना पाठविली आहे, की तो रकाना काढून टाकावा, आणि ज्या गोष्टी उभय पक्षांनी समोरासमोर, विश्वासाने बोलावयाच्या त्या तशाच बोलल्या जाव्यात. सूचनेला विरोध होईल हे मला ठाऊक आहे. विरोध करणाऱ्यांपैकी काहींनी गेल्या वर्षी मांडवाच्या कडेला माझा हात धरला होता, हेही मला ठाऊक आहे.

जायफळाविषयी एका वडीलधाऱ्या बाईंनी आताच चिठ्ठी पाठविली आहे. कोमट दुधात चिमूटभर उगाळून घेण्यास हरकत नाही; आमच्या मातोश्री देत असत. चिमटीचा चमचा मात्र करू नये, अधिक प्रमाणात जायफळ बाधते.

दुसरी चिठ्ठी चिटणीसांची आहे; विद्यार्थ्यांचा गुणगौरव व्हावयाचा आहे आणि मुले ताटकळली आहेत. येत्या महिन्यापासून दर पहिल्या रविवारी सकाळी दहा ते बारा मी मंडळाच्या कार्यालयात, माडीवरच्या खोलीत बसणार आहे. शुल्क नाही, नोंदवही नाही. जिना मागच्या बाजूने आहे. परंतु शक्य असेल त्यांनी पुढच्या दाराने यावे.